सारंगचाचांची गलिनी

शुक्रवारी, म्हणजे इथल्या सुट्टीच्या दिवशी, सकाळी कुवेतच्या हवल्लीतले रस्ते अजून जागे झालेले नसतात. अशा वेळी आमच्या इमारतीमागच्या रेताड पटांगणात साठी उलटलेला एक माणूस उभा राहायचा आणि मुलींची नावं घेऊन ओरडायचा. रागावून नाही, कुणाला बोलवायलाही नाही. दोन्ही हात तोंडाभोवती धरायचे, छाती भरून घ्यायची आणि एक नाव सोडायचं. "जुवेरिया…" मग मान वर करून तिसऱ्या मजल्याकडे बघायचं. तिथे गॅलरीत त्याची बायको टॉवेल घेऊन उभी असायची. नाव स्वच्छ ऐकू आलं तर टॉवेल वर, अर्धवट आलं तर खांद्यावर, आणि नाहीच आलं तर तशीच उभी. ती बिचारी लवकर आत जायला मिळावं म्हणून प्रत्येक नावाला टॉवेल वर करू लागली. तेव्हा त्याने एकदा नुसतंच तोंड उघडलं, आवाज काढलाच नाही. टॉवेल वर गेला. त्यानंतर त्या घरात जे बोलणं झालं ते भिंतीतून आमच्या चहापर्यंत आलं.

हे आमचे शेजारी इब्राहिम मुकादम. त्यांना सगळे सारंगचाचा म्हणतात, कारण जहाजावर खलाशांचा जो म्होरक्या असतो त्याला आमच्या कोकणात सारंग म्हणतात, आणि चाचांनी अर्धं आयुष्य तेच केलं. ते हर्णैचे. मी चिपळूणची. त्यामुळे पहिल्या दिवशीच त्यांनी मला ताई केलं आणि सुकटीची पुडी हातात ठेवली. आमचे हे हॉस्पिटलातली यंत्रं दुरुस्त करतात आणि मी घरी नर्स बायकांची मुलं सांभाळते. शाळा माझी दहावीला सुटली. पुढचं जे काय शिकले ते वाचून आणि पोरांच्या मागे धावून, तेव्हा हे लिहिणंही बोलल्यासारखंच होणार, ते तेवढं चालवून घ्या.

समुद्र सोडल्यावर चाचा कुवेतला आले आणि शुवैखला बंदराजवळच्या एका दुकानात लागले. दोरखंड, ताडपत्र्या, साखळ्या, जहाजाला लागणारं सगळं तिथे मिळतं. पण समुद्र सोडला म्हणायचा तो पायांनी. डोक्याने चाचा अजून डेकवरच आहेत. घरातली प्रत्येक वस्तू बांधलेली. गॅसचा सिलिंडर खिडकीच्या गजाला, कपाट भिंतीतल्या खिळ्याला, गॅलरीतल्या कुंड्या एकमेकींना. "काय पण ढिला ठेवायचा नाय ताई. ढिला असतो तोच पहिला जातो." आम्ही सुट्टीला गावी गेलो होतो तेव्हा किल्ली त्यांच्याकडे होती. परत येऊन बघते तर आमचा फ्रिज बांधलेला. ती गाठ सोडवायला त्यांनाच बोलवावं लागलं, आणि ते शुवैखहून येईपर्यंत आम्ही दुधाशिवाय चहा प्यायलो.

काळजी हा त्यांचा दुसरा धंदा. कुणी बाहेर निघालं की पहिला प्रश्न, "वारा कुठचा?" फोनवर हवामान बघणार, मग त्यावर विश्वास नाही म्हणून बोट ओलं करून गॅलरीत धरणार. सगळं घर एका लिफ्टमधून उतरवायचं नाही. "एका बोटीत सगळा कुटुंब चढवतात काय कुणी?" त्यामुळे मॉलला जायचं झालं तरी दोन टॅक्स्या. पुढच्या टॅक्सीतून चाचा मागच्या टॅक्सीला फोन करणार, आलात का, दिसताव का. झुबेदाभाभी म्हणायच्या, "निकाह झाल्यापासून मी ह्यांच्या मागच्या गाडीत आहे."

आता ती नावं कशासाठी, ते सांगते. त्यांची एकुलती एक मुलगी सना गरोदर होती. सना हॉस्पिटलच्या लॅबमध्ये काम करते. जावई तौसीफ तिकडे वफ्राला शेतांवर, काचघरांचे पंप आणि कूलर सांभाळतो आणि सुट्टीलाच घरी येतो. म्हणून दिवस गेल्यावर सना आईबापाकडे राहायला आली. मुलगी आहे हे डॉक्टरीणबाईंनी सांगितलेलं. आणि पाचवा लागला तशी चाचांची पटांगणातली फेरी सुरू झाली.

मी एकदा विचारलं, चाचा, नाव कागदावर लिहून बघतात, तुम्ही हे काय मांडलंय? तर म्हणाले की कागदावर सगळीच नावं चांगली दिसतात. नाव वाऱ्यात टाकून बघायचं. जहाजाच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला हाक मारायची तर अर्धी नावं मधेच पाण्यात पडतात. ज्या नावाचा शेवट उघडा ते पोचतं, बंद नाव तोंडातच राहतं. माझा रोहित इथेच जन्मलेला, मराठी समजतो पण उत्तर इंग्रजीत देतो. तो म्हणाला, "मॉम, इट्स अ साउंड चेक." चाचांना ते फार पटलं. तेव्हापासून ते स्वतःच म्हणायचे, "साउंड चेक हाय आज."

एका शुक्रवारी त्यांनी "सलमा" सोडलं. भाभींचा टॉवेल हलायच्या आत दुसऱ्या मजल्यावरच्या पॅलेस्टिनी आजी गॅलरीत आल्या, समोरच्या इमारतीतून एक मल्याळी नर्स डोकावली आणि खालच्या बकाल्यातून, म्हणजे किराणा दुकानातून, पाव घेऊन निघालेली एक शाळकरी मुलगी जागच्या जागी थांबली. तिघीही सलमा. आजींना वाटलं घरात कुणाचं काही बरंवाईट झालं. त्या कठड्याला धरून धरून खाली आल्या. चाचांनी छातीवर हात ठेवून माफी मागितली, आजींना हाताला धरून वर पोचवलं आणि ते नाव कायमचं बाद केलं.

"बघितलास ताई? एका हाकेला एकच मान वळायला पायजे. आमच्या बोटीवर चार अब्दुल्ला होते. दोर सुटला नि हाक मारली अब्दुल्ला, तर चारी धावले त्याच दोराला. बाकीची बोट वाऱ्यावर."

हॉस्पिटलात फातिमा पुकारलं की निम्मी रांग उठते, हे मी पण पाहिलेलं आहे. तेव्हा दुसरं कुणाकडे नसेल असं नाव पाहिजे, हे एक ठरलं. अर्थ चांगला पाहिजे, हे तर भाभींचंही म्हणणं. भाभींचा जीव मरियमवर होता. पण मरियम म्हणून हाक मारली असती तर अख्खी हवल्ली खिडकीत आली असती.

मग एक दिवस टॉवेल, वारा, पटांगण काही नाही, चाचा सरळ आमच्या दारात. चेहरा असा की माणसाला हरवलेलं काहीतरी सापडलंय.

"गलिनी," म्हणाले.

आमचे हे पेपर बाजूला ठेवून म्हणाले, गल्लीत जन्मली की काय. चाचा हसले नाहीत. आत येऊन बसले आणि सांगू लागले.

ते विशीतले असतानाची गोष्ट. एका ग्रीक मालकाच्या मालबोटीवर होते. कुठल्याशा समुद्रात वादळ लागलं. बोट अशी आडवी व्हायची की भिंत कुठली आणि जमीन कुठली ते कळेना. चाचा भटारखान्याच्या दाराशी एका पाइपाला मिठी मारून कलमा म्हणत होते. त्याच पाइपाला दुसऱ्या बाजूने बोटीचा ग्रीक आचारी धरून होता. म्हातारा, जाडा, रोज चाचांना शिव्या देणारा. चाचा अल्लाचं नाव घेतायत आणि तो आपला एकच शब्द पुन्हा पुन्हा म्हणतोय. दुसऱ्या दिवशी वारा पडला. चाचांनी विचारलं, तुझ्या देवाचं नाव गलिनी काय? तर तो म्हणाला, देवाचं कसलं, माझ्या मुलीचं नाव. आमच्यातही फार कुणी ठेवत नाही, माझ्या आजीचं होतं. मग त्याने चाचांना हाताला धरून कठड्याशी नेलं आणि खाली पाणी दाखवलं.

"काय सांगू ताई. तेलासारखा. आदल्या दिवशी आमाला खायाला उठलेला तोच समुद्र. म्हातारा बोलला, हा बघ, ह्याला बोलतात गलिनी. वादळ आलाच नाय त्याला नाय बोलत. येऊन गेल्यावर जो असा होतो ना, त्याला."

मुलं सांभाळण्यात माझी वर्षं गेली. आर्या, मायरा, कियारा, ज्यूलिया, एकेक नावं या घरातून रांगत गेली. पण एवढं ऐकून घेण्यासारखं नाव माझ्या दारात पहिल्यांदाच आलं.

पुढचे काही आठवडे चाचांनी त्या नावाची वकिली केली. शुवैखच्या दुकानात ग्रीक जहाजाचा कुणी माणूस आला की दोर मोजायचा सोडून त्याला विचारायचं. एकाने सांगितलं, चांगलं नाव आहे, आता ऐकू येत नाही. चाचा खूश. म्हसळ्याहून सनाच्या सासूबाईंचा फोन आला, हे नाव आपल्यातलं आहे का म्हणून. चाचांनी आधीच मौलवीसाहेबांना विचारून ठेवलं होतं की अर्थ चांगला असला तर हरकत नाही. तरी विहीणबाई म्हणाल्या, परक्यांचं आहे. त्यावर चाचांनी फैलका बेट काढलं. इथल्या त्या बेटावर ग्रीक लोकांची जुनी वस्ती जमिनीतून खणून काढलेली आहे. ते दोनेक हजार वर्षांपूर्वी आले, आपण परवा आलो. "मग कुवेतात परका कोण, त्ये का आपण?" विहीणबाईंनी फोन ठेवला. आमच्या इमारतीचा हारिस, म्हणजे रखवालदार, इजिप्तचा, अबू करीम. त्याच्याकडूनही चाचांनी ते नाव दहा वेळा म्हणवून घेतलं. तो लिफ्ट पुसता पुसता गुणगुणायला लागला.

आणि शुक्रवारी साउंड चेक झाला. वारा समोरचा होता, कूलरच्या यंत्रांची घरघर होती, तरी नाव तिसऱ्या मजल्यावर असं आलं की जणू कुणी शेजारी बसून म्हणालं. एकही खिडकी उघडली नाही. एकच मान वळली, ती सनाची. ती स्वयंपाकघराच्या खिडकीशी पाणी पीत उभी होती.

इथे मला जरा थांबायला हवं. सनाचं हे दुसरं बाळंतपण. दोन वर्षांपूर्वी पहिली मुलगी झाली ती दिवस भरत आले असताना पोटातच गेलेली. तेव्हा तौसीफ आईच्या ऑपरेशनसाठी म्हसळ्याला होता आणि त्याला तिकीट मिळेपर्यंत सगळं उरकलेलं होतं. मी आणि भाभी सनापाशी बसून होतो. बाहेरचं सगळं चाचांनी केलं. त्यावर त्या घरात परत कुणी बोललं नाही. सना महिन्याभराने लॅबला जाऊ लागली, चाचांनी कपाटाला आणखी एक दोर बांधला, एवढंच.

म्हणून भाभींचा जीव खालीवर होत असे. जन्माच्या आधी बाळाचं नाव उघड घ्यायचं नाही, ही त्यांची रीत आणि खरं सांगायचं तर आमचीही. आमच्याकडे तर बाराव्या दिवसापर्यंत थांबतात. कपडे आणायचे नाहीत, पाळणा आणायचा नाही. आणि हा माणूस पटांगणात उभा राहून साऱ्या गावाला ऐकवतोय. भाभी मला म्हणायच्या, "नजर कुठून लागेल सांगता येत नाही हो. ह्यांना तुम्ही तरी सांगा." मी सांगायची. चाचा ऐकून घ्यायचे आणि म्हणायचे, "ताई, ह्या खेपेला नाव तयार पायजे." का पायजे, ते सांगायचे नाहीत.

त्या शुक्रवारी चाचा पटांगणातून घामाघूम होऊन वर आले. मी भाभींकडे शिरा द्यायला गेलेले, म्हणून हे माझ्या समोर झालं. त्यांनी सनाला विचारलं, आला का ऐकायला? सनाने पेला खाली ठेवला. तिचा आवाज मुळीच चढला नाही.

"अब्बा, ते नाव माझ्या पोटाला चिकटवू नका. उद्या मी परत रिकामी घरी आले, तर ते नाव घेऊन कुठे जाऊ?"

चाचांनी टॉवेलाने तोंड पुसलं. पुसतच राहिले. मग "बराय बाये" म्हणाले आणि चपला न काढता तसेच आतल्या खोलीत गेले.

त्यानंतर साउंड चेक बंद. शुक्रवार आला की इमारत उगाचच लवकर जागी व्हायची आणि कान लावायची. पॅलेस्टिनी आजींनी मला खुणेने विचारलं, म्हातारा आजारी आहे का. अबू करीम गुणगुणायचा थांबला, त्याला चाचांनीच सांगितलं असणार. मी म्हणायची, एकदाचा ओरडू दे हा माणूस, हे गप्प बसणं बघवत नाही. सनाला आठवा लागला, पायांवर सूज आली, रक्तदाब चढू लागला. चाचा रात्रंदिवस तिच्या आसपास, पण बोलणं फक्त वाऱ्याचं. "आज शमाल वारा हाय. उद्या पडंल." नाव तोंडात यायचं असं वाटायचं आणि ते पाणी प्यायला उठायचे.

मग तो दिवस आला. सकाळपासून आकाश पिवळं. दुपारी धुळीचं असं वादळ उठलं की समोरची इमारत दिसेना. खिडक्यांच्या फटींना मी ओले फडके लावत होते, तेवढ्यात भाभींनी भिंतीवर थापा मारल्या. सनाचं डोकं फुटायला आलेलं, डोळ्यांपुढे ठिणग्या दिसतायत म्हणत होती. आमच्या ह्यांनी गाडी काढली. सना, भाभी, मी आणि चाचा, सगळे त्या एकाच गाडीत कोंबून बसलो आणि चाचांच्या ते लक्षातही आलं नाही. हेडलाइट लावूनही पुढचा दिवा लाल की हिरवा कळत नव्हतं. चाचा काच खाली करून, तोंडाला रुमाल धरून, ह्यांना सांगत होते, डावीकडे घ्या, आता सरळ, आता हळू.

हॉस्पिटल साल्मियातलं. तिथे बघताक्षणी तिला आत नेलं आणि ऑपरेशन लगेच करायचं म्हणाले. भाभींना आत जाऊ दिलं, दारापर्यंत. तौसीफ वफ्राहून निघालेला. त्याचा फोन मधे लागायचा, मधे तुटायचा. रस्त्यावर रेतीचे ढीग वाहतायत, गाड्या थांबल्यात, मी येतोय, एवढंच कळायचं. आमचे हे खाली गाडी लावायला जागा शोधत राहिले. बाहेरच्या बाकावर चाचा आणि मी.

त्यांच्या भुवयांवर धूळ बसलेली होती. मी पाण्याची बाटली दिली. ती त्यांनी उघडली नाही, दोन्ही हातांत धरून बसले. आतून कुणी नर्स बाहेर आली की दोघंही अर्धे उठायचो. ती दुसरीकडेच जायची. किती वेळ गेला कोण जाणे. असल्या जागी माणूस काहीतरी बोलायचं म्हणून बोलतो, तसं मी बोलले. म्हटलं, चाचा, सगळं नीट होईल, मग ठेवा तुमचं ते नाव, मी सांगते सनाला.

चाचांनी बाटली बाकावर ठेवली.

मग हळू आवाजात सांगायला लागले. पहिलीच्या वेळी सुलैबिखातच्या कब्रस्तानात घरातले ते एकटेच गेले होते. दुकानाच्या ड्रायव्हरने गाडी नेली होती. पांढऱ्या कपड्यातलं ते एवढंसं, ते त्यांनी वाटभर मांडीवर धरलेलं. तिथे जो माणूस होता तो चांगला होता, हळू बोलणारा. त्याने बापाचं नाव विचारलं, चाचांनी सांगितलं. मग त्याने विचारलं, हिचं नाव?

"माझ्याकडे नव्हता ताई. आपण ठेवलाच नव्हता कुणी. मी त्याच्या तोंडाकडे बघत रायलो. मागे आणखी लोक उभे होते, त्यांची पण मयत होती. तो बोलला, असू दे चाचा, अमक्याची मुलगी म्हणून चालेल. आणि चालला. पण मी तिला आत ठेवली ना, तेव्हा माती लोटायच्या आधी माणूस काहीतरी बोलतो. काय बोलू? हाक कशी मारू तिला?"

मी बाटली उघडून त्यांच्या हातात दिली.

"म्हणून ह्या खेपेला नाव आधीच पायजे होता. जगली तर हाक मारायला झाला. आणि नायतर… सना बोलली ता पण खरा हाय. तिला मी कसा सांगू, मी कशासाठी नाव शोधत होतो ता?"

असा हा माणूस. मी इतके महिने त्याला हसत होते, आणि तो पटांगणात उभा राहून दोन्हीची तयारी करत होता.

दार उघडलं ते भाभींनी. त्या रडत होत्या. पण त्या रडता रडता मान हलवत होत्या, हो हो म्हणून. मुलगी. जरा लहान आहे, पण रडली. सना शुद्धीवर आहे, रक्तदाब उतरतोय.

चाचा उठले आणि परत बसले. मीच त्यांना हाताला धरून उठवलं.

बऱ्याच वेळाने, बाळाला तपासून सनाजवळ आणलं तेव्हा आम्हाला आत सोडलं. सनाचा चेहरा सुजलेला, ओठ कोरडे. बाळाच्या मनगटावर पट्टी होती, तिच्यावर आईचंच नाव लिहिलेलं, कारण बाळांना तिथे सुरुवातीला आईच्या नावानेच ओळखतात. त्यांच्यात बाळाच्या कानात अजान द्यायची असते. बाप वाटेत धुळीत अडकलेला. सना म्हणाली, अब्बा, तुम्ही द्या.

चाचांनी बाळ घेतलं. एवढा दांडगा माणूस, पण जशी काचेची बरणी धरावी तसं धरलं. उजव्या कानाशी तोंड नेलं. ते काय म्हणत होते ते दोन हातांवर उभ्या असलेल्या मलाही ऐकू येत नव्हतं, नुसते ओठ हलताना दिसत होते. पुरं झालं. आता खरं तर नाव घ्यायचं. चाचांनी मान वर केली, सनाकडे बघितलं आणि बाळ तिच्याकडे परत देऊ लागले.

"नाव तू ठेव बाये. तुझी हाय ती."

सनाने बाळाला घेतलं नाही. तिने त्यांच्या बाहीला धरलं.

"अब्बा, तिथे कब्रस्तानात नाव विचारतात. मला लॅबमधल्या एका बाईने सांगितलं होतं, तिचं पण गेलेलं. मी तुम्हाला कधीच विचारलं नाही, तुम्ही काय सांगितलंत."

"काय सांगनार. नव्हता."

भाभी पलंगाच्या कडेला बसल्या. मी खिडकीकडे बघू लागले, कारण दुसरीकडे बघायला जागा नव्हती. काचेवर धूळ जमली होती आणि तिच्यामागे उजेड परत येऊ लागला होता.

"मग गलिनी तिचं नाव," सना म्हणाली. "तुम्ही तिच्यासाठीच शोधलंत ते. हिला मरियम म्हणू, अम्मी म्हणते तसं."

चाचांनी परत बाळाच्या कानाशी तोंड नेलं आणि आईने दिलेल्या मरियम या नावाने तिला एकदा बोलावलं. मग बाळ सनाच्या कुशीत नीट ठेवलं, पांघरूण चारी बाजूंनी दाबून बसवलं आणि भाभींनी डोळे पुसायला काढलेला रुमाल त्यांच्या हातातून घेऊन स्वतःचे पुसले. भाभी म्हणाल्या, माझा रुमाल. चाचा म्हणाले, असू दे.

दिवेलागणीला तौसीफ पोचला. केस, मिशा, शर्ट, सगळं रेतीच्या रंगाचं. दारातच थांबला, धूळ आत येईल म्हणून. तिथूनच पलंगाकडे बघत होता, विचारायचं धैर्य होत नव्हतं त्याला.

चाचा उठून त्याच्याजवळ गेले, त्याच्या खांद्यावरची रेती झटकली.

"ये आत. मरियम हाय," म्हणाले. "गलिनीची धाकटी बहीण."

तौसीफने सनाकडे बघितलं. तिने मान हलवली. तो तिथेच दाराच्या चौकटीला टेकून खाली बसला, आणि चाचा त्याच्या शेजारी बसले.